शंभरात तीन

सुका वाटाणा म्हणजे धान्यबाजारातलं सावत्र पोर. हरभऱ्याला मान, तुरीला मान, मुगाचे तर लाडच लाड. वाटाण्याकडे बघायला कुणाला सवड नसायची. पण सरकारनं बाहेरून येणाऱ्या वाटाण्यावर बंदी घातली आणि दीड वर्षात या सावत्र पोराचा भाव अडीचपट झाला. मग काय विचारता! ज्यांनी जन्मात वाटाण्याच्या पोत्याला हात लावला नव्हता, ते खुर्चीत रेलून "काय, वाटाणा काय म्हणतोय?" असं विचारायला लागले. गोदामांच्या तळातून, जिथं जायला उंदरांनाही कंटाळा यायचा तिथून, तीन-तीन वर्षांची पोती वर आली. त्यांच्यावर तेलाचा हात फिरवायचा, थोडा हिरवा रंग चोळायचा, की झाला म्हातारा नवरदेव बोहल्यावर चढायला तयार.

आणि वाटाणा मोठा लबाड हो. दुसरं धान्य जुनं झालं की तोंडावर दिसतं. वाटाणा वरून गोलमटोल राहतो आणि आतून दगड होतो. चार तास रटरट उकळा, बोटांत दाबला तर बोटच दुखेल. असल्या दाण्याला म्हणतात गणंग. कुठल्या मालात शंभरात किती गणंग आहेत, हे छातीठोकपणे सांगणारा माणूस त्या बाजारात एकच होता. त्याचं कागदावरचं नाव सगळे विसरले होते. लहानथोर सगळे त्याला गणंगकाका म्हणायचे.

काकांची पद्धत साधी होती. दहा पोती स्वतः निवडायची, त्यांतून मूठमूठ काढायची, सगळं एकत्र करून डोळे मिटून शंभर दाणे मोजायचे. ते सकाळी साध्या पाण्यात भिजत घालायचे, दुपारी अर्धा तास उकळायचे आणि मग एकेक दाणा अंगठा आणि बोट यांमध्ये दाबायचा. न दबलेले किती, तो आकडा चिठ्ठीवर लिहायचा आणि खाली सही करायची. पाचाच्या आतला माल नवा, बारापर्यंत चालण्यासारखा, विसाच्या पुढं गुरांना घाला. बाजारात भावसुद्धा असाच बोलला जायचा. "चाराचा आहे का? मग या भावानं देतो. दहाचा असेल तर पुढं चला."

व्यापारी संघाचा नियम होता, काकांची चिठ्ठी मान्य करून माल उचलला की तो परत करता येत नाही, चिठ्ठी चुकली तरी नाही. एकाच गोष्टीत सौदा मोडायचा. विकणाऱ्यानं चिठ्ठीसाठी काकांना पैसे चारले असं ठरलं, तर माल त्यानं परत घ्यायचा आणि घेणाऱ्याचा पैसा न् पैसा परत करायचा. बत्तीस वर्षांत या दुसऱ्या कलमाला कुणी हात लावला नव्हता. काका आणि पैसे? लोक हसले असते.

आता एक गोष्ट बाजाराला कधी ठाऊक नव्हती, ती सांगून टाकतो. यातलं अर्धं काम काकूंचं होतं. काकांची कचेरी म्हणजे एक टेबल, दोन खुर्च्या आणि एक पंखा. चूल होती ती मागच्या घरात. भिजवणं काकूंचं, उकळणं काकूंचं. आणि नियमात त्या काकांपेक्षा कडक. "पाणी म्हणजे नुसतं पाणी. मीठ नाही, सोडा तर नाहीच नाही. स्वयंपाक वेगळा, परीक्षा वेगळी," असं त्यांनीच कामाच्या पहिल्या दिवसांत काकांना बजावलं होतं. ज्यानं घरात वाटाणे शिजवलेत त्याला हे सांगायला नको. भिजवताना चमचाभर सोडा टाकला की दगडालाही पाझर फुटतो.

गेल्या वर्षापासून काकूंचं काहीतरी बिनसलं होतं. किल्ल्या पिठाच्या डब्यात सापडल्या. जेवण होऊन हात वाळले तरी "पानं घेऊ का?" म्हणून विचारायच्या. एकदा जिन्यात मधल्याच पायरीवर उभ्या राहिल्या, वर चालल्या होत्या की खाली हे त्यांनाच आठवेना. काकांनी हात धरून वर आणलं. मुलगा दूरच्या शहरात होता. त्याचा फोन आला की काका फोन स्वतःच्या हातात ठेवायचे आणि म्हणायचे, "आईचं काय, मजेत आहे. वय झालं, होतं थोडं विसरायला." डॉक्टरकडे न्यायचं रोज ठरायचं आणि रोज राहायचं. खरं सांगू? भीती. डॉक्टर त्याला काहीतरी नाव देईल आणि एकदा नाव मिळालं की ते घरात राहायलाच येईल, असं त्यांना वाटायचं. काकू बहुतेक दिवस तर चांगल्याच असायच्या. मग कशाला?

अशात एके दिवशी भल्या सकाळी गिरणीवाली आली. तिचा नवरा वाटाणा साफ करून पिशव्यांत भरण्याची गिरणी चालवायचा. तीन वर्षांपूर्वी हृदयविकारानं एका दुपारीत गेला. दिवसकार्य झाल्यावर सगळे म्हणाले, गिरणी विक. ती म्हणाली, बघू. बाईनं डोक्याला फडकं बांधलं, चाळणीसमोर उभी राहिली आणि गिरणी चालवून दाखवली. आता तिला मोठं काम मिळालं होतं. एका इस्पितळाच्या आणि दोन वसतिगृहांच्या स्वयंपाकघरांना वर्षभर वाटाणा पुरवायचा. त्यासाठी एकदम आठशे पोती हवी होती आणि त्या सौद्यासाठी तिनं गिरणीही गहाण टाकली होती आणि डोक्यावरचं छप्परही.

"काका, भाव रोज चढतोय. उद्या घेतला तर परवडणार नाही," ती म्हणाली. "हसऱ्या शेठकडं आठशे पोती एकगठ्ठा आहेत. आज पाचपर्यंत थांबतो म्हणतोय. तुम्ही फक्त आकडा सांगा. पाचाच्या आत असेल तर उचलते, नाहीतर नाद सोडते."

"तू घाई करू नको, पोरी."

"घाई मी नाही करत, बाजार करतोय."

हसरा शेठ म्हणजे सतत दात दाखवणारा माणूस. कुणाच्या मयतालाही तो हसऱ्या तोंडानं जायचा. जुना माल नवा म्हणून खपवताना संघानं त्याला दोनदा पकडलं होतं, तेव्हाही हसतच होता. काकांनी त्याच्या गोदामात जाऊन पोती निवडली, मूठमूठ काढली, सवयीप्रमाणे एक दाणा दाढेखाली धरला. दाढ म्हणाली, जुना. पण दाढेचं काय, सदुसष्ट वर्षांची दाढ ती. शंभर दाणे मोजून त्यांनी घरी दिले.

दुपारी चारला ते घरी आले. काकूंनी दाणे ताटलीत काढून ठेवले होते. केस विंचरलेले, नीट पदर खोचलेला, ओटा लखलखीत. "आलात? चहा टाकू?" म्हणाल्या. कितीतरी दिवसांनी असा दिवस उजाडला होता. काका दाबायला बसले. पहिला दबला, दुसरा दबला, दहावा लोण्यासारखा दबला. साल नुसतं बोट लावताच सुटत होती. दाणे नको इतके हिरवे होते आणि ताटलीतलं पाणी दोन बोटांत धरलं तर साबणासारखं बुळबुळीत लागत होतं.

काकांच्या मनात पाल चुकचुकली. नाही कशी चुकचुकेल? बत्तीस वर्षं तेच पाणी बोटांत धरलेला माणूस तो. त्यांनी मान वर करून काकूंकडे पाहिलं. त्या गुणगुणत कप विसळत होत्या. "तू यात काही घातलंस का?" हा प्रश्न अगदी ओठांवर आला होता. पण तो विचारला असता तर त्याच्या मागून दुसरा आला असता, दुसऱ्यामागून तिसरा, आणि हा इतका चांगला दिवस पार नासून गेला असता. घड्याळात साडेचार झाले होते. पुन्हा भिजवायला आठ तास लागले असते. त्यांनी बोटं पुसली, चिठ्ठी ओढली आणि लिहिलं, शंभरात तीन.

गिरणीवालीनं पाचाच्या ठोक्याला माल उचलला.

बाराव्या दिवशी इस्पितळाच्या स्वयंपाकघरातून गिरणीत फोन आला. वाटाणा तीन तास उकळतोय, शिजत नाही. रोग्यांनी ताटं तशीच परत पाठवली, एका म्हाताऱ्याची तर कवळी तुटली. लागोपाठ दोन्ही वसतिगृहांची पोती गिरणीच्या दारात येऊन पडली. आणि दुष्काळात तेरावा महिना म्हणतात तसं, त्याच आठवड्यात सरकारनं बंदी उठवली. बाहेरच्या वाटाण्याची जहाजं अजून निघालीसुद्धा नव्हती, नुसत्या बातमीनं भाव निम्म्याखाली आला. काल ज्यांच्या डोळ्यांत वाटाण्याचं सोनं चमकत होतं, ते आज पोती कुठं लपवू म्हणून धावत होते. गिरणीवालीचा माल आता गुरांसाठीही कुणी उचलेना.

ती कचेरीत आली. आरडाओरडा नाही, रडणं नाही. पदरात बांधून आणलेले उकडलेले वाटाणे तिनं टेबलावर सोडले. ते टकटक आवाज करत घरंगळले, दोन-तीन खाली पडले.

"काका, एकच विचारायचंय. चूक झाली, की..."

"उद्या सांगतो," एवढंच काका म्हणाले.

दुसऱ्या दिवशी डोकं दुखतंय म्हणून ते घरीच थांबले. त्याच मालातले शंभर दाणे त्यांनी काकूंच्या हातात दिले आणि स्वयंपाकघराच्या दारात स्टूल टाकून बसले. काकूंनी दाणे धुतले, भांड्यात पाणी घेतलं. मग फळीवरचा डबा काढला आणि दोन चमचे सोडा अगदी मापून टाकला. हात जराही चुकला नाही.

"हे गं काय घालतेस?"

"सोडा," काकू म्हणाल्या. असल्या बावळट प्रश्नाचं त्यांना नवलच वाटलं. "लवकर शिजायला नकोत का? शाळेतून भुकेला येईल तो. आला की आल्या आल्या जेवायला लागतं त्याला."

तो म्हणजे मुलगा. मुलगा एक्केचाळीस वर्षांचा होता, त्याच्या डोक्यावर टक्कल पडलं होतं. किती दिवस घालत होती ही? महिनाभर? सहा महिने? किती चिठ्ठ्या? आणि दाढेनं सांगितलेलं, बोटांनी सांगितलेलं असून आपण काय केलं? रागवायचं तरी कुणावर, आपलेच दात आपलेच ओठ. काकू "काय हो, बरं नाही का?" म्हणून त्यांच्या कपाळाला हात लावायला आल्या तेव्हा हा म्हातारा माणूस लहान मुलासारखा रडला.

मग त्यांनी स्वतःच्या हातांनी, साध्या पाण्यात, दुसरे शंभर दाणे भिजवले. संध्याकाळी दाबले. चौतीस.

तिसऱ्या दिवशी दुपारी गिरणीवालीच्या मालावरून संघाच्या खोलीत बैठक होती. लांब टेबल, भोवती वीसएक माणसं, भिंतीवर कालच्या-आजच्या भावांचा फळा. त्यावर वाटाण्याचा आकडा इतक्यांदा पुसला होता की तिथला रंगच उडाला होता. काका जाताना सगळा हिशेब मनाशी करूनच गेले होते. खरं सांगितलं, तर ही सगळी माणसं मागच्या घरात शिरतील, काकूंना चार प्रश्न विचारतील, बाहेर पडून खिदळतील. उद्यापासून येणारा-जाणारा खिडकीतून डोकावेल, ती बघा ती, येडी. आणि एवढं करून गिरणीवाली बुडायची ती बुडणारच, कारण चुकलेल्या चिठ्ठीचा माल परत होत नाही. घरच्या हिलाही वाचवायचं आणि गिरणीवालीलाही, तर दार एकच उघडं होतं.

अध्यक्ष म्हणाले, "काका, चूक कुणाकडूनही होते. तुम्ही तसं म्हणा, आम्ही ऐकून घेऊ."

"चूक नाही," काका उभे राहिले. "मी पैसे घेतले. शेठनं दिले, मी घेतले."



"किती?" कुणीतरी विचारलं.

याचा विचारच केला नव्हता त्यांनी. खोटं बोलायची सवय नसली की असं होतं. "वीस हजार," ते म्हणाले.

मागच्या खुर्चीवरून कुणीतरी फिसकन हसलं. "स्वस्तात गेला की हो."

हसरा शेठ ताडकन उठला. त्याच्या तोंडावरचं हसू पहिल्यांदाच गळालं. "खोटं आहे! आईशपथ खोटं आहे! मी याला दमडी दिली नाही!" तो टेबलावर मुठी आपटून ओरडत होता. बिचाऱ्यानं आयुष्यात पहिल्यांदा खरं सांगितलं आणि नेमकं त्याच दिवशी त्याचं कुणी ऐकलं नाही. तो काही धुतल्या तांदळासारखा नव्हता. जुना माल नवा म्हणून विकला होताच. तरी त्याच्या माथी न केलेलं पाप मारताना काकांना त्याच्याकडे बघवलं नाही.

बत्तीस वर्षांत न वापरलेलं कलम त्या दिवशी अर्ध्या तासात वापरून झालं. सौदा मोडला, आठशे पोती शेठच्या गळ्यात, गिरणीवालीचे पैसे आठ दिवसांत परत. काकांचं नाव कमी. त्यांच्या सहीची चिठ्ठी यापुढं बाजारात चालणार नाही, असं अध्यक्षांनी मान खाली घालून वाचून दाखवलं.

गिरणीवाली बाहेर पायरीवर उभी होती. खोटं कशाला सांगू, काकांना तिच्याकडून काहीतरी हवं होतं. आभार नकोत, नुसतं एकदा बघितलं असतं तरी पुरलं असतं. तिनं बघितलं.

"ते गेले तेव्हा तुम्ही माझ्या डोक्यावर हात ठेवून म्हणालात, आजपासून तू माझी लेक," ती म्हणाली. "लेकीला विकलंत, काका. वीस हजारांना."

तिथल्या तिथं दोन वाक्यांत सगळं सांगता आलं असतं. काकांनी तोंड उघडलंही. पण आत ती वीस माणसं बसली होती आणि सांगितलेलं आत पोचलं असतं, पोती पुन्हा तिच्याच गळ्यात पडली असती. त्यांनी चप्पल घातली आणि घरची वाट धरली.

बातमी त्यांच्या आधी पोचली होती. शेजारीण सांगून गेली होती. बायकांच्या पायांना चाकं असतात अशा वेळी. काकू खुर्चीत ताठ बसल्या होत्या. डोळे स्वच्छ, नजर पूर्वीसारखी धारदार. आजार कुठल्या कुठं.

"तुम्ही पैसे खाल्लेत?"

खरं सांगायचं तर सोड्याचं सांगावं लागणार होतं. त्या स्वच्छ डोळ्यांना सांगावं लागणार होतं की तूच तो घातलास, तुला आता कळत नाही, तुझं डोकं चाललंय.

"हो," काका म्हणाले.

काकूंनी तोंडावर पदर घेतला आणि हुंदके देऊन देऊन रडल्या. मूल गेल्यावर आई रडते तशा रडल्या. "अहो, आपल्याला काय कमी होतं? काय कमी होतं हो?" एवढंच म्हणत राहिल्या. काका समोर बसून राहिले. उद्यापर्यंत ही विसरेल, ते स्वतःला समजावत होते. किल्ल्या विसरते, जेवण विसरते, हेही विसरेल. या रोगाचा एवढा तरी फायदा आपल्याला देवानं ठेवलाय.

वर्ष गेलं. जहाजं येत राहिली, वाटाणा मातीमोल झाला, लोक पुन्हा तुरीकडे वळले. गिरणी चालू राहिली. गिरणीवाली रस्त्यात दिसली की पलीकडच्या बाजूनं जायची. काकू एकेक करून सगळं विसरल्या. चूल पेटवणं विसरल्या, केस विंचरणं विसरल्या. शेवटी डॉक्टर आला, त्यानं नाव दिलं, आणि ते घरात राहिलं. मुलगा आला तेव्हा त्याच्याकडे बघून त्यांनी विचारलं, "तुम्ही कुणाकडचे?" तो गच्चीत जाऊन रडला. मग शेजारणीला सकाळ-संध्याकाळ यायला सांगून तो परत गेला.

काका रोज मऊ भात कालवून त्यांच्याजवळ बसायचे. चमचा पुढं केला की काकू ओठ घट्ट मिटून घ्यायच्या. काका आर्जवं करायचे, "घे गं, एक घास घे." त्या तोंड फिरवायच्या आणि शेजारणीचा हात धरून तिच्या कानाशी लागायच्या.

"या म्हाताऱ्याच्या हातचं मला देऊ नका. यानं पैसे खाल्लेत, एका विधवा बाईचे," त्या म्हणायच्या. "माझे मालक घरी नाहीत म्हणून हा आत आला. त्यांना कळलं ना, तर ते याला दारातसुद्धा उभं करणार नाहीत."

"बरं, मी देते हं," असं म्हणत शेजारीण काकांच्या हातातला चमचा घ्यायची. काका उठून बाहेरच्या खोलीत जाऊन बसायचे, आतून ताटलीवर चमच्याचा आवाज येईपर्यंत.